फुकटची शक्ति आणि धीयंत्र

इंधन नको, ऊन नको, वारा नको, महावितरणची जोडणीहि नको; एकदां कळ दाबली कीं यंत्र आपल्याच बळावर फिरत राहील आणि घरादाराला पुरून उरेल एवढी वीज देईल, असें सांगणाऱ्या चित्रफितींचा सध्यां मोबाइलवर सुळसुळाट झाला आहे. त्यांतील रचना बहुधा एकाच सांच्याची असते. एक मोटर, तिला पट्ट्यानें जोडलेलें एक जड चाक, त्या चाकानें फिरणारा जनरेटर, आणि जनरेटरची वीज परत मोटरला. शिवाय दहापांच दिवे लखलखत असतात ते वेगळेच. ज्याच्या दुकानाचें विजेचें बिल वाढत चाललें आहे, किंवा ज्याला रात्रीं-अपरात्रीं उठून उंसाला पाणी पाजावें लागतें, त्याला असें यंत्र पाहून मोह पडावा यांत नवल नाहीं. परंतु ही गोष्ट करमणुकीवर थांबत नाहीं. चित्रफितीच्या मागून यंत्राचा नकाशा विकणारा येतो, त्याच्या मागून एजन्सी देणारा येतो, आणि शेवटीं भागभांडवल मागणारा येतो. १९१९ चें विलिंग्डन महाविद्यालय आणि १९४७ चें, आज वालचंद या नांवानें ओळखलें जाणारें, अभियांत्रिकी महाविद्यालय हीं दोन्हीं ज्या विश्रामबागेंत आहेत, तेथील नागरिकांनीं तरी या प्रश्नाचा निकाल ऐकीव गोष्टींवर लावूं नये, असें आम्हांस वाटतें. म्हणून आजचा हा लेख.

प्रथम शब्दांचा घोळ मिटवूं. ‘मोफत वीज’ या नांवाखालीं आज तीन निरनिराळ्या गोष्टी लोकांपुढें आल्या आहेत. राज्य सरकारनें २०२४ सालीं मुख्यमंत्री बळीराजा मोफत वीज योजना जाहीर केली; तिच्या अन्वयें साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या शेतीपंपांचें बिल शेतकऱ्याऐवजीं सरकारनें भरावयाचें ठरलें. तेथें वीज फुकट नाहीं. पैसे देणारा दुसरा आहे. त्याच वर्षीं केंद्र सरकारनें पीएम सूर्यघर मोफत वीज योजना सुरू केली व छपरावरील तीन किलोवॉटच्या सौरसंचास ७८,००० रुपयांपर्यंत अनुदान ठेवलें. तेथें ऊन फुकट आहे, पण तें झेलणाऱ्या तावदानाला, तारेला आणि मजुरीला पैसा पडतो. तिसरा प्रकार या दोहोंहून अगदीं वेगळा. तेथें सूर्यहि कांहीं देत नाहीं आणि सरकारहि देत नाहीं, आणि तरी यंत्रांत जेवढें घालावें त्याहून अधिक बाहेर पडतें, असें सांगितलें जातें. आमचा वाद या तिसऱ्याशींच आहे.

ही कल्पना परदेशांतून आली असें कोणीं समजूं नये. ब्रह्मगुप्तानें ६२८ सालच्या ब्राह्मस्फुटसिद्धांतांत पाऱ्याच्या बळावर फिरणाऱ्या चाकाचें वर्णन केलें आहे. पुढें भास्कराचार्यांनीं शके १०७२ त, म्हणजे ११५० सालीं, सिद्धांतशिरोमणि हा ग्रंथ रचिला. त्याच्या यंत्राध्यायांत ‘स्वयंवह’ यंत्र सांगितलें आहे: हलक्या लाकडाचें चाक घ्यावें, त्याला सारख्या अंतरावर तिरक्या पोकळ आऱ्या बसवाव्या, त्या निम्म्या पाऱ्यानें भरून तोंडें बंद करावीं, आणि चाक आंसावर टांगावें; मग तें आपोआप फिरेल. याच भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठीं त्यांचा नातू चांगदेव यानें चाळीसगांवाजवळ पाटण येथें मठ स्थापिला, आणि त्याचा शिलालेख एकोणिसाव्या शतकांत डॉ. भाऊ दाजी लाड यांनीं उजेडांत आणिला. तेव्हां फुकटच्या शक्तीचें स्वप्न आमच्याच घरचें आहे, आणि त्याची उलटतपासणी करण्याचा अधिकारहि आम्हांस आहे.

तें चाक कां फिरत नाहीं? एका बाजूचा पारा आंसापासून लांब जातो, म्हणून ती बाजू जड होऊन खालीं येईल, हा तर्क वरवर बिनतोड दिसतो. परंतु चाकाचा एक फेरा पुरा झाला म्हणजे पाऱ्याचा प्रत्येक थेंब ज्या उंचीवरून निघाला त्याच उंचीवर परत आलेला असतो. उतरतांना त्यानें जेवढें काम दिलें, तेवढेंच चढतांना तो परत घेतो. शिल्लक शून्य. त्यांतून आंसाचें घर्षण व हवेचा अडथळा यांचा खर्च वजा जातो. चाकाला ढकललें तर तें थोडा वेळ फिरतें आणि पारा जेथें सर्वांत खालीं बसतो तेथें येऊन थांबतें. भास्कराचार्यांच्या काळीं हा हिशेब मांडण्याचें साधन जगांत कोणापाशींच नव्हतें. त्यामुळें त्यांच्या थोरवीस यत्किंचितहि बाध येत नाहीं. बाध येतो तो, साडेआठशें वर्षांनंतर त्यांचें नांव पुढें करून तोच माल विकणाऱ्याच्या प्रामाणिकपणास.

युरोपांतहि तेराव्या शतकापासून अशा चाकांचे आराखडे निघूं लागले. इतके लोक या वेडांत बुडाले कीं, १७७५ सालीं पॅरिसच्या विज्ञान अकादमीनें असल्या यंत्रांचे अर्ज यापुढें तपासावयाचेच नाहींत असा ठराव केला. त्यानंतर १८४० च्या दशकांत मायर, जूल व हेल्महोल्ट्स यांनीं ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम मांडिला. आमच्या व्यापारी वाचकांस तो समजावून देण्यास कोणत्याहि गणिताची गरज नाहीं. तो रोजमेळाचा नियम आहे. ऊर्जा या खात्यावरून त्या खात्यावर जाते, नवी उत्पन्न होत नाहीं. दुसरा नियम बाजारांतल्या अडतीचा आहे: प्रत्येक व्यवहारांत निसर्ग आपली अडत उष्णतेच्या रूपानें कापून घेतो, आणि ती कोणासहि माफ करीत नाहीं.

आतां चित्रफितींतलें यंत्र या हिशेबास लावून पाहूं. चांगली मोटर शंभरांतले नव्वद भाग कामीं लावते. चांगला जनरेटरहि तितकेच. एका फेऱ्यांत शंभराचे एक्याऐशीं झाले, दुसऱ्यांत सहासष्ट, तिसऱ्यांत त्रेपन्न, आणि दहाव्यांत बारा. वर दिवे लावले तर ही घसरण आणखी वेगानें होईल. मग यंत्र कांहीं मिनिटें चालतें तें कशावर? त्या जड चाकांत आधीं भरलेल्या गतीवर. शंभर किलो वजनाचें, एक मीटर व्यासाचें भरीव चाक मिनिटाला पंधराशें फेरे घेत असलें तर त्यांत फार तर ०.०४३ युनिट ऊर्जा असते. शंभर वॉटचा एक दिवा तिच्यावर पंचवीस मिनिटें चालेल. आणि चौथऱ्याखालीं बारा व्होल्टांची शंभर अँपिअर-तासांची एकच बॅटरी दडविली, तर नऊ वॉटचा दिवा पांच दिवस अखंड जळेल. तासाभराचें प्रात्यक्षिक पाहून ज्यांनीं पैसे मोजले, त्यांनीं नेमकें काय पाहिलें याचा विचार करावा.

याउलट, खरें यंत्र आपला हिशेब लपवीत नाहीं. सातारा जिल्ह्यांतील कोयनेचें पाणी पोफळीच्या विजेघराकडे सुमारें पावणेपांचशें मीटर उंचीवरून उतरतें. एक हजार लिटर पाण्याच्या त्या उतरणींत सव्वा युनिटाच्या आसपास काम सांठविलेलें असतें. कोयना प्रकल्पाची एकूण क्षमता १,९६० मेगावॉट आहे, आणि तें पाणी वर नेऊन ठेवणारा हमाल सूर्य आहे. घाटघर येथें २५० मेगावॉटचा प्रकल्प रात्रींच्या फाजील विजेनें पाणी वर चढवितो व गरजेच्या वेळीं तें खालीं सोडून वीज करितो. अशा प्रकल्पांत चार युनिट खर्चून साधारण तीन-सव्वातीन युनिट परत येतात. सरकारी अभियंत्यांना हा तोटा ठाऊक आहे, आणि वेळेची सोय म्हणून ते तो उघडपणें सोसतात. चारांचे पांच करण्याची युक्ति खरोखर असती, तर तिचा पहिला गिऱ्हाईक घाटघरच असता.

येथें एक आक्षेप येईल, आणि तो रास्त आहे. शास्त्रज्ञ हट्टी असतात, नव्या कल्पनेला ते हंसतात, उद्यां हेच नियम खोटे ठरले तर? आमचें उत्तर असें कीं, या नियमावर सर्वांत कठोर हल्ले शास्त्रज्ञांनींच चढविले आहेत. १९०३ सालीं प्येर क्यूरी व लाबोर्द यांनीं दाखविलें कीं, रेडियमचा कण कोणतेंहि इंधन न घेतां सतत उष्णता देत राहतो. ही तर फुकटची शक्तिच दिसत होती! परंतु शोध घेतां ती अणूच्या पोटांतील ठेव निघाली, आणि ती ठेव हळूहळू घटते हेंहि मोजलें गेलें. पुढें कांहीं किरणोत्सारी द्रव्यांच्या हिशेबांत ऊर्जा कमी भरूं लागली. नील्स बोरसारख्या थोर शास्त्रज्ञानें, कदाचित् तेथें नियमच मोडत असेल, असेंहि सुचविलें. पाउलीनें १९३० सालीं म्हटलें कीं, वही खरी आहे, एक नोंद आपल्याला दिसत नाहीं एवढेंच. एखादा अदृश्य कण ती तूट घेऊन जात असावा. तो कण १९५६ सालीं सांपडला. न्यूट्रिनो म्हणतात तो हाच. ज्या वहीनें सव्वीस वर्षें आधीं चोराचा माग दिला, त्या वहीवर विश्वास ठेवणें हा हट्ट नव्हे.

दुसरें उदाहरण आमच्या मुंबईचें आहे. २३ मार्च १९८९ रोजीं अमेरिकेंतील यूटा येथें फ्लाइशमन व पॉन्स या दोन रसायनशास्त्रज्ञांनीं जाहीर केलें कीं, जड पाण्यांत पॅलेडियम धातूचा कांब ठेवून वीज सोडली असतां साध्या तपमानावर अणूंचें मीलन होतें व अपेक्षेबाहेर उष्णता निघते. हा दावा वरील चाकासारखा नव्हता; त्यांत ऊर्जेचा उगम सांगितला होता, म्हणून त्याची चाचणी घेणें योग्यच होतें. तुर्भ्याच्या भाभा अणुसंशोधन केंद्रांत तेव्हांचे संचालक डॉ. पी. के. अय्यंगार यांच्या नेतृत्वाखालीं अनेक गटांनीं तत्काळ प्रयोग आरंभिले. न्यूट्रॉन व ट्रिटियम आढळल्याचा अहवाल त्यांनीं त्याच वर्षीं प्रसिद्ध केला. परंतु जगांतील बहुतेक प्रयोगशाळांत तो परिणाम पुन्हां दिसेना. अमेरिकेच्या ऊर्जा खात्यानें १९८९ व २००४ अशी दोनदां छाननी केली, ती पटणारी ठरली नाहीं. आणि गूगलच्या खर्चानें झालेल्या प्रदीर्घ तपासणींतहि पुरावा न मिळाल्याचें २०१९ सालीं ‘नेचर’ नियतकालिकांत प्रसिद्ध झालें. तुर्भ्याच्या शास्त्रज्ञांस आम्ही दोष देत नाहीं. त्यांनीं प्रयोग केले, आंकडे उघड्यावर मांडले आणि इतरांस तपासूं दिले. हरलेल्या वादाचीहि ही रीत अनुकरणीय आहे.

मात्र यांतूनच एक धडा निघतो: मोठें पद व मोठी पदवी मोजमापाची जागा घेऊं शकत नाहीं. अणुऊर्जा महामंडळांत वरिष्ठ पदांवर काम केलेले व कारवारजवळच्या कैगा प्रकल्पाशीं निगडित असलेले अभियंते परमहंस तिवारी यांनीं, आपला जनरेटर घेतो त्याहून अधिक वीज देतो, असा दावा अनेक वर्षें केला. विज्ञानानें तो स्वीकारलेला नाहीं. दाव्याची किंमत दावा करणाराच्या खुर्चीवरून ठरत नाहीं. अन्य कोणीं स्वतंत्रपणें मोजलें असतां तोच आंकडा येतो कीं नाहीं, यावरून ती ठरते.

जे उघड मोजूं देत नाहींत, त्यांचा इतिहास ठरलेला आहे. १८१३ सालीं न्यूयॉर्क येथें रेडहेफर नांवाच्या इसमाचें स्वयंचलित यंत्र पाहण्यास रॉबर्ट फुल्टन हा आगबोटींचा प्रसिद्ध अभियंता गेला. त्याच्या चालींतील हिसके ऐकून त्याला संशय आला. त्यानें बाजूच्या पट्ट्या उखडल्या, तेव्हां भिंतींतून माळ्यावर गेलेली तांत सांपडली, आणि माळ्यावर एक म्हातारा दांडा फिरवीत बसलेला दिसला. फिलाडेल्फियाच्या कीलीनें १८७० च्या दशकापासून मरेपर्यंत, म्हणजे १८९८ पर्यंत, कंपनी काढून भागधारकांस झुलवीत ठेविलें. मृत्यूनंतर त्याच्या घराच्या तळघरांत दाबाखालील हवा सांठविण्याचा पोलादी गोळा निघाला. पाण्यावर मोटारगाडी चालविण्याचें सांगणाऱ्या स्टॅन्ली मायरचा व्यवहार १९९६ सालीं ओहायोच्या न्यायालयानें उघड फसवणूक ठरविला व पैसे परत करण्यास फर्माविलें. आपल्याकडेहि वनस्पतींपासून पेट्रोल करून दाखविण्याचें १९९६ सालीं गाजलेलें तमिळनाडूंतील प्रकरण २०१६ सालीं चेन्नईच्या न्यायालयांत शिक्षेवर संपलें. देश निराळे, शतकें निराळीं. पण बंद पेटी, तांतडीचा पैसा आणि ‘कारखानदार माझ्या जिवावर उठले आहेत’ ही ओरड सर्वत्र एकच.

खऱ्या शोधाला अशी ओरड करावी लागत नाहीं, याची साक्ष आमच्या सांगली जिल्ह्यानेंच दिली आहे. १९१० सालीं लक्ष्मणराव किर्लोस्करांनीं औंध संस्थानाच्या आश्रयानें कुंडल रोड स्टेशनाजवळच्या माळावर किर्लोस्करवाडी वसविली. त्यांच्या लोखंडी नांगरानें जमीन विषारी होते, अशी शेतकऱ्यांची समजूत होती. नांगर पडून राहिले. लक्ष्मणरावांनीं कारस्थानाची हाकाटी केली नाहीं. नांगर शेतांत चालला, तास खोल गेला, जमीन विषारी झाली नाहीं, आणि गिऱ्हाईक आपण होऊन आलें. लोकांचा संशय ज्याला रानांत उतरून फेडतां येतो, तोच खरा संशोधक.

म्हणून आमच्या सूचना स्पष्ट आहेत. हरिपूरच्या पेवांत पिढ्यान् पिढ्या हळद सांठवीत आलेल्या या गांवांत पेव न उघडतां व नमुना न पाहतां सौदा करणारा व्यापारी वेडा ठरला असता. विजेच्या यंत्रालाहि तोच न्याय लावावा. पेटी उघडावी, सर्व तारा तोडाव्या, यंत्र जमिनीपासून उचलून लांकडी घडवंचीवर ठेवावें. वीज मोजण्यांत व्होल्ट व अँपिअर यांचा नुसता गुणाकार करून फसूं नये; प्रत्यावर्ती प्रवाहांत तो आंकडा खऱ्या कामाहून मोठा येऊं शकतो. त्यापेक्षां त्या विजेवर पाणी तापवावें: एक युनिट विजेनें वीस लिटर पाणी सुमारें ४३ अंशांनीं तापतें, आणि तपमापक कोणाची भीड धरीत नाहीं. एक किलोवॉटचा भार अखंड एक महिना म्हणजे ७२० युनिट. शंभर किलोचें यंत्र नेहमींच्या वापरांतील बॅटऱ्यांनीं ठांसून भरलें तरी याच्या विसाव्या हिश्शाएवढी वीजहि त्यांत मावणार नाहीं. जो विक्रेता ही परीक्षा नाकारील, त्याला दुकानाची पायरी चढूं देऊं नये.

‘पेटंट घेतलें आहे’ या शब्दानेंहि दिपून जाऊं नये. अर्ज करणें निराळें आणि पेटंट मिळणें निराळें. शिवाय आमच्या १९७० च्या पेटंट कायद्याचें तिसरें कलम, प्रस्थापित निसर्गनियमांच्या उघड विरुद्ध असलेल्या कल्पनेस शोध मानण्याचेंच नाकारतें. भिंतीवरील प्लगांत खोचून निम्मी वीज वाचविण्याचें आश्वासन देणाऱ्या डब्या याच जातीच्या आहेत: घरगुती बिल हें खऱ्या युनिटांवर निघतें, आणि आंतला कपॅसिटर तीं युनिटें कमी करीत नाहीं. दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीस २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यान्वयें दहा लाख रुपयांपर्यंत दंड आहे. तक्रार करण्यास लाजूं नये. फसलेल्यानें मौन धरलें कीं पुढचा शेजारी फसतो.

आणखी एक विनंति विश्रामबागेच्या महाविद्यालयांस आहे. वर्षांतून कांहीं दिवस आपल्या प्रयोगशाळांचीं दारें नागरिकांस उघडीं करावीं. ज्याला आपल्या यंत्राविषयीं दावा करावयाचा असेल, त्यानें तें आणावें. विद्यार्थ्यांनीं तें सर्वांसमक्ष मोजावें आणि आंकडा फळ्यावर लिहावा. आणणाराची टवाळी मात्र कोणीं करूं नये. मांडवांत येणारा प्रत्येक जण लबाड नसतो. पुष्कळ जण कष्टाळू कारागीर असतात, आणि चुकीचें मीटर हाच त्यांचा खरा गुरु झालेला असतो. त्यांचे हात व त्यांची उमेद या जिल्ह्याला हवी आहे. पंपांतील गळती, मोटरींतील अपव्यय, सौरसंचाचा स्वस्त सांगाडा, यांत त्यांची कल्पकता लागली तर जेवढी वीज वांचेल, तेवढी हजार स्वयंवह चाकांतून निघणार नाहीं.

भास्कराचार्यांनीं यंत्राध्यायांत गोल, नाडीवलय, शंकु, घटी अशीं अनेक यंत्रें सांगितलीं, आणि त्या सर्वांहून श्रेष्ठ असें एक यंत्र गणलें: धीयंत्र, म्हणजे बुद्धि. त्यांच्या चाकाचें अनुकरण शेंकडों लोकांनीं केलें आणि त्यांतलें एकहि फिरलें नाहीं. त्यांचें दुसरें यंत्र चालतें हें सिद्ध झालेलें आहे, आणि त्याला बॅटरीहि लागत नाहीं. भागभांडवलाचा कागद पुढें आला कीं, सही करण्यापूर्वीं आमच्या वाचकांनीं तें एकवार चालवून पाहावें.